चंद्र जवळ, व्हिएतनाम लांब

२० जुलै १९६९ च्या रात्री चंद्रावरून आलेलं पहिलं चित्र अमेरिकेतल्या टीव्हीवर चक्क उलटं दिसलं. यानावर कॅमेराच उलटा बसवलेला होता आणि पृथ्वीवर संदेश टिपणाऱ्या गोल्डस्टोनच्या केंद्रात चित्र सुलटं करण्याचा खटका दाबायचा राहून गेला होता. काही क्षणांत ते सरळ झालं आणि राखाडी सावल्यांतून शिडी उतरणारा नील आर्मस्ट्राँगचा पाय दिसला. कॅमेरा सेकंदाला दहाच चित्रं पाठवी, टीव्हीला लागत तीस. म्हणून पृथ्वीवर एका पडद्यावरचं चित्र दुसऱ्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपून घरोघरी पाठवलं. ते इतकं धूसर दिसलं ते त्यामुळेही.

पण आलं किती झटपट! चंद्रापासून पृथ्वीपर्यंतचं अंतर त्याने दीड सेकंदाच्या आत कापलं.

व्हिएतनाम त्या मानाने फार लांब होतं. तिथल्या युद्धावरचा बातमीदार १६ मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रण करी. फिल्मचा डबा हेलिकॉप्टरने सायगावला जाई आणि तिथून विमानाने समुद्रापार. उपग्रहाचं भाडं न परवडणारं, म्हणून तो फार मोठ्या बातमीपुरताच. लढाई घरच्या पडद्यावर येईतो एक-दोन दिवस सहज उलटत.

ही शिळी बातमीच जास्त बोचली. ऑगस्ट १९६५ मध्ये सीबीएस या अमेरिकन वाहिनीच्या मॉर्ली सेफरने व्हिएतनाममधल्या काम ने गावातलं चित्रण पाठवलं. एक अमेरिकन मरीन सैनिक खिशातल्या सिगारेट लायटरने झोपडीचं गवती छप्पर पेटवतो आहे, एवढंच ते दृश्य. आकडे आणि नकाशे दाखवणाऱ्या लष्करी पत्रकार परिषदांनी जे झाकलं, ते या लायटरने उघडं केलं. सेफर स्वतः तिथे उभा होता. त्याच्या शब्दांचं वजन त्यातूनच आलं.

सीबीएसचा वॉल्टर क्रॉन्काइट या दोन्ही कथांचा निवेदक. २७ फेब्रुवारी १९६८ रोजी, व्हिएतनाम पाहून परतल्यावर, त्याने प्रेक्षकांना सांगितलं की हे युद्ध कोंडीत सापडलं आहे. यान चंद्रावर उतरलं तेव्हा मात्र त्याला शब्दच सुचेनात. चष्मा काढून तो नुसता मान हलवत राहिला.

मुंबईत दूरदर्शन १९७२ साली आलं, त्यामुळे चंद्रावरचं ते पाऊल इथे रेडिओवर ऐकलं गेलं आणि वर्तमानपत्रांत वाचलं गेलं.

अमेरिकेतली चंद्राची नवलाई फार टिकली नाही. एप्रिल १९७० मध्ये अपोलो १३ च्या अंतराळवीरांनी यानातून टीव्हीसाठी कार्यक्रम केला, तो एकाही मोठ्या वाहिनीने दाखवला नाही. तो संपल्यावर नऊ-दहा मिनिटांत यानातली ऑक्सिजनची टाकी फुटली, आणि मग सगळे कॅमेरे ह्यूस्टनच्या नियंत्रण केंद्राकडे धावले.