चटणीच्या व्हिडिओला गाणं कुठलं लावायचं?



गेल्या दिवाळीआधी आमच्या गटाने शेंगदाणा चटणीचा दीड मिनिटाचा व्हिडिओ केला. मावशी उखळात चटणी कुटताहेत, आम्ही पुड्या भरतोय, शेवटी भाव आणि फोन नंबर. उठाव यावा म्हणून मागे सिनेमाचं एक गाजलेलं गाणं लावलं. इंटरनेटवर टाकला, तर दुसऱ्या दिवशी व्हिडिओचा आवाजच बंद! गाण्याच्या मालकाचा दावा आला होता. व्हॉट्सअ‍ॅपवर ज्यांना पाठवला, त्यांचे फोन आले, "ताई, भाव काय म्हणालात? गाण्यात ऐकूच आला नाही." ऐन सणात निम्मी चटणी डब्यात राहिली. तेव्हापासून आम्ही जे शिकलो, ते आज सांगतो.

आधी गाणं कुठलं घ्यायचं ते बघू. आपल्या देशात १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे. गाणं लिहिणाऱ्याचा, चाल लावणाऱ्याचा हक्क त्याच्या हयातीत आणि मृत्यूनंतर ६० वर्षं राहतो. रेकॉर्डिंगचा हक्क वेगळा, तोही ६० वर्षांचा. "दहा सेकंदच घेतलं तर चालतं" असं आपण ऐकतो, पण कायद्यात अशी सेकंदांची सूट कुठेच नाही. माल विकायच्या व्हिडिओला तर जास्तच जपावं लागतं.

मग फुकट आणि बिनधोक संगीत कुठे मिळतं? यूट्यूबची स्वतःची 'ऑडिओ लायब्ररी' आहे. यूट्यूब स्टुडिओत गेलं की ती सापडते. फोनवर क्रोममधून उघडा. तिथल्या काही धून नुसत्या घेता येतात, काहींना व्हिडिओखाली संगीतकाराचं नाव लिहावं लागतं. ती अट वाचूनच धून उतरवा. आणि शब्द असलेलं गाणं घेऊ नका. आपण बोलतोय आणि मागे कुणी गातंय, तर ऐकणाऱ्याला दोन्ही धड कळत नाही. बासरी, संबळ, नुसता ताल असं काही घ्या.

आता लावायचं कसं? आम्ही फोनवर इनशॉट वापरतो. व्हिडिओ उघडून 'म्युझिक' दाबायचं आणि उतरवलेली धून निवडायची. ती व्हिडिओखाली लांब पट्टीसारखी दिसते. व्हिडिओ संपतो तिथे पट्टी कापायची, नाहीतर शेवटी काळा पडदा आणि नुसतं वाजणं राहतं.

खरी मेख आवाजाची. पट्टीवर बोट ठेवलं की 'व्हॉल्यूम' येतो. बोलण्याचा आवाज १०० ठेवा. कुणी बोलत असेल तिथे संगीत १० ते १५. कुणी बोलत नाही, नुसती पुडी भरतेय, तिथे ४० चालेल. यासाठी 'स्प्लिट' दाबून पट्टीचे तुकडे करायचे आणि प्रत्येक तुकड्याचा आवाज वेगळा ठेवायचा. भाजीत मिठाचं जे काम, तेच इथे संगीताचं. वेगळं कळलं म्हणजे जास्त झालं. सुरुवातीला 'फेड इन' आणि शेवटी 'फेड आउट' दोन सेकंद दिलं, की धून हळू येते आणि हळू जाते, धाडकन तुटत नाही.

मूळ बोलणंच वाऱ्यात, पंख्याच्या आवाजात घेतलं असेल, तर मात्र संगीत कमी करूनही उपयोग नाही. बोलणं पुन्हा घ्या, फोन तोंडाजवळ धरून.

शेवटी तपासणी. इअरफोन लावून सगळंच गोड लागतं. साध्या फोनच्या स्पीकरवर, चूल पेटलेली, पोरं ओरडताहेत अशा घरात लावून बघा. व्हिडिओ कधीच न पाहिलेल्या बाईला विचारा, "भाव किती सांगितला?" तिला सांगता आला, तरच पुढे पाठवा.

दुसऱ्या व्हिडिओच्या वेळी आमच्या ध्यानात आलं, की उखळाचा ठोकाच किती छान वाजतो! तो पुसून आपण उगाच गाणं लावत होतो. म्हणून पहिली १५ सेकंदं नुसता ठोका ठेवला. पुढे मावशींच्या जात्यावरच्या ओव्या घ्यायचं ठरलं. ओवी काही कुणा एकीच्या मालकीची नाही, पण गळा मावशींचा आहे. गाणाऱ्याचा हक्कही कायद्यात आहे. म्हणून आधी विचारलं. मावशी म्हणाल्या, "माहेरची ओवी घाल. पण ज्या ओवीत माझ्या भावाचं नाव आहे, ती नको. तो गेलाय गं." आम्ही ती ओवी कापली. व्हिडिओच्या शेवटी मावशींचं नाव घातलं, आणि गटाच्या बैठकीत ठराव करून त्यांना गाण्याचे पैसेही दिले. घरची बाई म्हणून तिचं काम फुकट, असं आपणच करायला लागलो तर बाहेरच्यांना काय बोलणार?

या व्हिडिओनंतर भाव विचारायला कुणाचा फोन आला नाही. फोन आले ते "दोन किलो ठेवा" म्हणून.

पुढच्या बैठकीत हप्ते जमा झाले की एक फोन मध्ये ठेवा आणि एक मिनिटाचा व्हिडिओ करून बघा. जिला जमेल तिने शेजारणीला शिकवा. येतो आता, नमस्कार!