धान्याचा भाव वाढला की खेड्यातली गरिबी हटते?

ज्वारी, गहू, तांदळाचे भाव चढले की खेड्यात पैसा खेळतो, असे आपल्याकडे सर्रास मानले जाते. या समजुतीच्या मुळाशी एक गृहीतक आहे: खेड्यातले प्रत्येक घर धान्य विकून जगते. आकडे निराळे सांगतात. २०१५-१६ च्या कृषिगणनेनुसार महाराष्ट्रात सरासरी जमीनधारणा १.३४ हेक्टर, म्हणजे सव्वातीन एकर. देशातल्या ८६ टक्के धारणा दोन हेक्टरांच्या आत. भूमिहीनांची तर यात गणतीच नाही. समजा, सोलापूरकडे एका कुटुंबाने दोन एकर कोरडवाहू रानात शाळू पेरला आणि आठ क्विंटल उतारा पडला. पाच माणसांच्या घराला वर्षाला पाच-सहा क्विंटल धान्य खायलाच लागते. रेशनच्या आधारावर त्यांनी पाच क्विंटल आडतीवर नेले, तरी क्विंटलमागे दोनशे रुपये वाढल्याने हाती येतात वर्षाला एक हजार. त्याच घरातल्या दोघांना शंभर-शंभर दिवस काम मिळाले आणि रोजची मजुरी वीस रुपयांनी वाढली, तर चार हजार येतात. २०१८-१९ च्या राष्ट्रीय नमुना पाहणीतही हेच दिसले. शेतकरी कुटुंबाचे सरासरी मासिक उत्पन्न १०,२१८ रुपये. त्यात पिकांचे ३,७९८ आणि मजुरी-पगाराचे ४,०६३. ज्याला आपण शेतकरी म्हणतो, त्याच्या घरात मजुरीचा पैसा पिकाच्या पैशापेक्षा जास्त येतो. ज्याच्याकडे रानच नाही, त्याच्यासाठी तर महाग धान्य म्हणजे निव्वळ वाढीव खर्च.

धान्य आणि भूक यांचा संबंध मजुरीतून कसा जातो, हे महाराष्ट्राने १९७२ च्या दुष्काळात पाहिले आहे. पीक बुडाले होते आणि परदेशातून आलेली मिलो नावाची ज्वारी लोक नाइलाजाने खात होते. तरीही इतक्या मोठ्या दुष्काळात १९४३ च्या बंगालच्या दुष्काळासारखा मानवसंहार झाला नाही, कारण सरकारने कामे काढली. पाझर तलाव, बांधबंदिस्ती, खडी फोडणे अशा कामांवर १९७३ च्या उन्हाळ्यात सुमारे पन्नास लाख लोक होते. मजुरी हातात पडल्यामुळे त्यांना रेशनच्या दुकानातून आणि बाजारातून धान्य घेता आले. वि. स. पागे यांनी आग्रहाने मांडलेल्या रोजगार हमीचे मोल तेव्हा साऱ्या राज्याला पटले आणि १९७७ मध्ये तिचा कायदा झाला.

मजुरीचा विषय निघाला की फुकटच्या रेशनमुळे मजूर कामावर येत नाहीत, अशी तक्रार बागायतदार करतात. अन्नसुरक्षा कायद्याने माणशी महिन्याला पाच किलो धान्य मिळते. ग्रामीण माणूस साधारण नऊ-दहा किलो खातो. म्हणजे निम्मेच भागते. डाळ, तेल, औषध, शाळेचा खर्च यांना रोखच लागते. पोटाची निम्मी काळजी मिटलेला मजूर पडेल त्या रोजावर जायला नकार देऊ शकतो, एवढे मात्र खरे, आणि त्यात मला काही वावगे दिसत नाही.

मग हमीभाव निरर्थक का? मुळीच नाही. शेतकऱ्याला रास्त भाव मिळायलाच हवा. मजुराला धान्य स्वस्त मिळावे म्हणून २०२२ मध्ये गव्हाची आणि २०२३ मध्ये बिगरबासमती पांढऱ्या तांदळाची निर्यात रोखणे हा शेतकऱ्यावर लादलेला कर आहे. स्वस्ताईचा खर्च सरकारी तिजोरीने उचलावा, पिकवणाऱ्याने नव्हे. पण हमीभावाने गरिबी हटवायची, तर तो गरिबापर्यंत पोहोचायला हवा. शांता कुमार समितीने २०१५ मध्ये सांगितले, की हमीभावाने सरकारी खरेदीचा लाभ जेमतेम सहा टक्के शेतकऱ्यांना मिळतो. खरेदी केंद्रावर नोंदणीसाठी सातबारा आणि त्यावरची पीकनोंद मागितली जाते. बटईने रान कसणाऱ्याचे नाव सातबाऱ्यावर नसते, आणि बियाणे-खताची उधारी फेडायची असल्याने केंद्र उघडण्याआधीच त्याचा माल व्यापाऱ्याच्या गोदामात गेलेला असतो.