पेडण्याचे पोर्तुगीज

१९ डिसेंबर १९६१पूर्वी गोव्यात जन्मलेल्यांना आणि त्यांच्या मुला-नातवंडांना पोर्तुगीज नागरिकत्वावर हक्क सांगता येतो. गोव्यातले पेडणे, डिचोली हे तालुके म्हणजे ‘नव्या काबिजादी’, नंतर जिंकलेला मुलूख. पोर्तुगिजांकडे त्या आल्या अठराव्या शतकाच्या अखेरीस. पण कायदा जुनं-नवं पाहत नाही: जुन्या काबिजादीतल्या सासष्टीच्या फर्नांडिसांइतकाच पेडण्याच्या परबांचाही हक्क. घोळ होतो तो नावांचा. पोर्तुगीज दाखल्यात आजोबा ‘पोरोबो’, शाळेच्या दाखल्यात वडील ‘परब’! जन्मनोंद लिस्बनला करायची, तरी अनेकांचा मुक्काम इंग्लंडातल्या स्विंडनला. ब्रेक्झिटनंतर, २०२१पासून, पोर्तुगीज पासपोर्टावर नव्यानं जाणाऱ्यालाही तिथं कामासाठी व्हिसा लागतो. भारतात दुहेरी नागरिकत्व नाही, म्हणून पोर्तुगीज झाल्यावर भारताचं नागरिकत्व जातं. ‘ओसीआय’ (परदेशस्थ भारतीय नागरिक) कार्डावर गावी राहता येतं. मतदान मात्र नाही, शेतजमीनही विकत घेता येत नाही. वारशानं आलेली राखता येते.