गाण्याची वाटचाल : लेखांक सहावा — अदेचा मोबदला

मागील लेखांकात तबकडीच्या तीन-साडेतीन मिनिटांच्या मर्यादेने आपल्याकडील लांबलचक लावणीला आणि बैठकीच्या गायनाला कशी कात्री लावली, याचा विचार केला होता. त्या तबकडीने गाण्याचा स्वर तेवढा उचलला. गाणारीचा चेहरा, हाताची फेक, मानेची मुरड आणि पायांतल्या चाळांची वजनदार लय ही सारी ध्वनिमुद्रणाच्या खोलीबाहेर राहिली. गाण्यापासून अशी तुटलेली अदा त्याला पुन्हा जोडून देण्याचा उद्योग ज्या देशांनी अतिशय पद्धतशीरपणे आरंभिला त्यांत जपानचे स्थान वरचे आहे. आणि ज्या ठिकाणी ती कधी तुटलीच नाही, ते पुणे-नाशिक रस्त्यावरील जुन्नर तालुक्यातले नारायणगाव आपल्यापासून अगदी जवळ आहे. या दोन्ही स्थळांचा विचार एकत्र केल्यास, गाण्याचे चित्र कोण घडवितो आणि त्याचे दाम कोणाच्या पदरी पडते, हा या लेखमालेतला मूळ प्रश्न बराच उकलतो.

जपानात सुटे गाणे, म्हणजे तिथल्या व्यापारातले ‘सिंगल’, ही दीर्घकाळ स्वतंत्र विक्रीची वस्तू राहिली आहे. चित्रपटाच्या पोटात जन्मलेले गाणे जसे आपल्याकडे त्या चित्रपटाच्या नावाने ओळखले जाते तसे त्याचे नसते. त्याला स्वतःच्या पायांवर उभे राहावे लागते, आणि म्हणून त्याला स्वतःचे चित्रही लागते. १९७७ च्या डिसेंबरात ‘पिंक लेडी’ या दोन तरुणींच्या जोडीने ‘यूएफओ’ हे गाणे काढले तेव्हा दोइ हाजिमे या नृत्यदिग्दर्शकाने बसविलेल्या त्यांच्या हातवाऱ्यांची दूरचित्रवाणीवरून देशभरातल्या शाळकरी मुलींनी नक्कल केली. पुढे २०१३ च्या ऑगस्टमध्ये ‘एकेबी४८’ या मुलींच्या मोठ्या गायनसंघाचे ‘कोइसुरु फॉर्च्यून कुकी’ हे गाणे प्रसिद्ध झाले, त्याची कथा आपल्या प्रयोजनास अधिक उपयोगी आहे. अकिमोतो यासुशि यांची शब्दरचना, सत्तरीच्या दशकातल्या अमेरिकन नाचगाण्याची आठवण देणारी संथ चाल, आणि पापाया सुझुकी यांनी मुद्दाम सोपी ठेवलेली पावले, अशी त्याची घडण. चित्रफीत घेतली ती फुकुओका शहरातल्या हाकाता येथे भर रस्त्यावर, हजारो नागरिकांना सोबत नाचवून. परिणाम असा झाला की कंपन्यांच्या कचेऱ्यांतले कारकून, दुकानांतले नोकर, किंबहुना कानागावासारख्या प्रांताचे राज्यपाल आणि त्यांचे सरकारी कर्मचारी यांनीही तीच पावले टाकून आपापल्या चित्रफिती काढल्या. कारकुनाला पाच-सात मिनिटांत जमेल इतपतच अवघड पाऊल ठेवावयाचे, हा निर्णय ज्याने घेतला त्याला लोकांची पारख होती. त्या गाण्याचे खरे यश मला त्यातच दिसते.

नारायणगावास ‘तमाशापंढरी’ म्हणतात ते उगीच नव्हे. गुढीपाडव्याच्या सुमारास तेथे तमाशाच्या फडांच्या राहुट्या उभ्या राहतात, प्रत्येक राहुटीपुढे फडमालकाच्या नावाचा फलक लागतो, आणि जुन्नर-आंबेगावच काय, पण खेड, शिरूर, पारनेर, संगमनेरकडचेही गावोगावचे पंच यात्रेची सुपारी द्यावयास तेथे येतात. गावच्या देवाची तिथी कोणती, त्या तिथीला कोणता फड मोकळा आहे, त्यात नाचणाऱ्या किती, वग कोणता, प्रकाशाची आणि ध्वनीची सामग्री कशी, या सर्वांचा खल होऊन रक्कम ठरते, बयाणा दिला जातो आणि कागद होतो. मग यात्रेच्या दिवशी पहाटे देवाला अभिषेक, दुपारी घाटात बैलगाड्यांची शर्यत, रात्री तमाशा, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच फडाची हजेरी, व ती आटोपली की कुस्त्यांचा आखाडा, असा या मुलखातला रिवाज आहे.

रात्रीच्या त्या खेळात गण, गौळण, बतावणी होऊन रंगबाजीला सुरुवात झाली की गाण्याचे चित्र कसे घडते हे डोळ्यांनी पाहता येते. नाचणारी एक ओळ म्हणते, पाठीमागचे झीलकरी ती उचलून धरतात, ढोलकीवाला तोडा लावतो. इतक्यात समोरच्या गर्दीतून एखादा हात नोट घेऊन वर होतो. ती पुढे येते, नोट घेते, देणाऱ्याचे नाव, गाव आणि त्याने सांगितलेली फर्माईश मोठ्याने पुकारली जाते, आणि मघाचीच ओळ ती पुन्हा म्हणते; परंतु आता ती त्या माणसाकडे पाहून म्हणते, पदर निराळ्या हाताने सावरते, एक गिरकी कमी घेते व भुवईच्या नुसत्या चढावाने त्या ओळीचा अर्थ पालटते. याला दौलतजादा म्हणतात. सभ्य लेखकांनी या चालीवर पुष्कळ कोरडे ओढले आहेत, आणि तिच्या आडून स्त्रियांची जी विटंबना झाली तिचे समर्थन कोणीही करू नये. तथापि प्रेक्षकाच्या एका हालचालीने गाण्याचे सारे चित्र जागच्या जागी बदलण्याची ही जी विद्या आहे ती जगातल्या कोणत्याही चित्रफितीला अद्याप साधलेली नाही, हेही तितक्याच स्पष्टपणे नमूद केले पाहिजे.

या विद्येचे सर्वांत मोठे नाव विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर हे होय. १९३५ साली पंढरपुरात जन्मलेल्या विठाबाई वडील भाऊ आणि चुलते बापू यांच्या फडात वाढल्या. १९६२ च्या चीनबरोबरच्या युद्धाच्या काळात त्यांनी सीमेवर जवानांपुढे खेळ केले, दोनदा राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान स्वीकारला, आणि २००२ च्या जानेवारीत, जवळ काही शिल्लक नसलेल्या अवस्थेत, त्या वारल्या. २००६ पासून महाराष्ट्र शासन त्यांच्या नावाने तमाशा कलावंतांना जीवनगौरव पुरस्कार देते. ज्या स्त्रीने हजारो रात्री लोकांना जागे ठेवले तिच्या औषधपाण्यासाठी लोकांकडून वर्गणी जमवावी लागली, ही गोष्ट मला पुरस्काराच्या समारंभापेक्षा अधिक बोलकी वाटते, आणि तिचे कारण तमाशाच्या अर्थव्यवहारातच आहे.

कलावंत हंगामापूर्वी फडमालकाकडून उचल घेतो आणि दसऱ्यापासून वैशाखापर्यंत राबून ती फेडतो. फडमालक स्वतः सावकाराकडून पैसा उचलून गाड्या, कनाती आणि दिवाबत्ती उभी करतो. रात्र नाचून झाली की त्या रात्रीचे दाम संपले. अदेला मागाहून व्याज येत नाही. १९५९ साली अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ पडद्यावर आला, पुण्याच्या विजयानंद चित्रगृहात तो सव्वाशेहून अधिक आठवडे चालला, आणि माडगूळकरांचे शब्द, वसंत पवारांची चाल व आशा भोसले यांचा गळा घेऊन जयश्री गडकर पडद्यावर नाचल्या ती लावणी घराघरांत गेली. त्या सर्वांची नावे श्रेयपटलावर आली व ती यावयासच हवी होती. मात्र ज्या बोर्डावर ती धाटणी पिढ्यान् पिढ्या घासून तयार झाली त्या बोर्डाचे नाव कोठे लिहावयाचे, अशी तरतूद कोणत्याच करारात नव्हती. पुढे १९७२ चा ‘पिंजरा’ आला. मग उलटा प्रवाह सुरू झाला आणि यात्रेतले प्रेक्षक रंगबाजीत चित्रपटातलीच गाणी, पडद्यावरच्या पावलांसकट, मागू लागले. फडातल्या मुलींना आपल्याच घरातून गेलेली अदा परक्या कपड्यांत परत शिकावी लागली.

असे दुःख केवळ आपल्याच वाट्याला आले, असे मात्र समजू नये. जपानातले आजवरचे सर्वाधिक खपलेले सिंगल, १९७५ च्या अखेरीस निघालेले ‘ओयोगे! ताइयाकि-कुन’, हे मुलांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमातल्या एका चित्रगाण्यावरून आले. भट्टीवरून पळून समुद्रात पोहणाऱ्या माशाच्या आकाराच्या गोड पावाचे ते गाणे पंचेचाळीस लाखांहून अधिक खपले, आणि ते गाणाऱ्या शिमोन मासातो यांना ठरल्याप्रमाणे एकरकमी पन्नास हजार येन मिळाले. सुपारीची पद्धत टोकियोतही होती, एवढाच त्याचा अर्थ.

आता जुन्नर-आंबेगावच्या भागात नवीनच प्रकार दिसू लागला आहे. बैलगाडा शर्यतीवर २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने घातलेली बंदी २०२१ च्या डिसेंबरात सशर्त उठली आणि २०२३ च्या मे महिन्यात घटनापीठाने राज्याचा कायदा ग्राह्य धरला. तेव्हापासून घाट, भंडारा, गुलाल आणि बैलांची नावे यांच्यावर रचलेली सुटी गाणी, प्रत्येकाची स्वतंत्र चित्रफीत काढून, यूट्यूबवर मोठ्या संख्येने येत आहेत. चित्रपटाचा आधार नसलेले, आपल्याच शिवारात चित्रित झालेले हे मराठी सिंगल होय. गावची मुले त्यावर नाचतात, स्वतःच्या फिती काढून तेथेच चढवितात, आणि हाकाताच्या रस्त्यावर घडले तेच मंचर-नारायणगावच्या परिसरात घडते. यात एक फरक महत्त्वाचा आहे. गाणे कितीदा पाहिले गेले याची नोंद तेथे आपोआप राहते आणि त्या नोंदीवर मालकाला पैसा मिळतो. म्हणजे अदेला मागाहून व्याज येण्याची सोय प्रथमच झाली आहे. परंतु ती मालकी ज्याच्या नावे खाते आहे त्याची, नाचणारीची नव्हे. २०२० आणि २०२१ या दोन्ही साली साथीमुळे यात्रा बंद राहिल्या, फडांना सुपाऱ्या मिळाल्या नाहीत, तेव्हा अनेक कलावंत मोलमजुरीला गेले; त्याच काळात त्यांच्या जुन्या खेळांच्या फिती लोक घरबसल्या पाहत होते.

माझे मत असे की, पाडव्याच्या राहुटीत जो कागद होतो त्यातच एक कलम वाढवावे. खेळाचे चित्रीकरण कोणी करावयाचे, ते कोणाच्या खात्यावर चढवावयाचे आणि त्यातला किती हिस्सा फडातल्या कलावंतांकडे यावयाचा, हे तिथी आणि रकमेइतक्याच स्वच्छ अक्षरांत त्यात लिहिले जावे. गावचे पंच व्यवहारात चोख असतात, फडमालकही करारमदाराला सरावलेले आहेत, तेव्हा यात अशक्य असे काही नाही. हे कलम कसे असावे, आणि कॉपीराइटच्या कायद्यात प्रयोग करणाऱ्या कलावंताला आज कोणते हक्क आहेत, याचा विचार पुढील लेखांकात करू.