वकिलाला उरलेली जागा

उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर या पट्ट्यात स्वातंत्र्यलढ्याचा विषय निघाला की भाई कोतवालांचे नाव हमखास येते. परंतु माथेरानच्या नाभिक कुटुंबात 1912 साली जन्मलेले विठ्ठल लक्ष्मण कोतवाल शिक्षणाने वकील होते, ही गोष्ट ओझरती सांगून सोडून दिली जाते. ती सोडण्याजोगी नाही, कारण राजकीय आरोपीच्या वकिलाला न्यायालयात किती वाव उरला होता, याचा तीन दशकांचा इतिहास तिच्यामागे उभा आहे.

1908 साली टिळकांवरील राजद्रोहाच्या खटल्यात निदान ज्युरी, म्हणजे दोषी की निर्दोष हे ठरवणारे नागरिकांचे पंचमंडळ, होती. तिने सात विरुद्ध दोन मतांनी दोषी ठरवल्यावर न्यायमूर्ती दावर यांनी सहा वर्षांची शिक्षा दिली (1897 साली याच दावरांनी वकील या नात्याने टिळकांना जामीन मिळवून दिला होता). त्यानंतर दोनच वर्षांनी नाशिक कटाच्या खटल्यात जोसेफ ऊर्फ काका बॅप्टिस्टा सावरकरांच्या बचावासाठी उभे राहिले, तेव्हा समोर तीन न्यायमूर्तींचे विशेष न्यायाधिकरण होते. ज्युरी नव्हती आणि अपिलाची सोयही नव्हती. 1916 साली टिळकांकडून मागितलेल्या जामीनकीविरुद्ध जिनांनी उच्च न्यायालयात यश मिळवले खरे, पण तो अपवादच म्हणावा लागेल.

1942 पर्यंत खटला भरण्याचीही गरज उरली नाही. भारत संरक्षण नियमांतील 26 व्या नियमानुसार सरकारची ‘खात्री’ पटली की माणूस स्थानबद्ध, म्हणजे चौकशीविना कैदेत, ठेवता येई. आज जेथे उल्हासनगर आहे तेथे त्या काळी लष्कराची कल्याण छावणी होती. तिच्यापासून फार दूर नसलेल्या डोंगराळ मुलखात कोतवालांच्या ‘आझाद दस्ता’ या भूमिगत गटाची माणसे मुंबईला वीज नेणाऱ्या तारांच्या मनोऱ्यांचे लोखंडी पाय करवतीने कापत होती. कोतवालांनी वकिली बाजूला ठेवण्यामागे कायद्याविषयीची निराशाच होती, असे म्हणणे धारिष्ट्याचे ठरेल. मात्र पकडले गेले असते तर त्यांच्या वकिलाला बोलण्याजोगे फारसे काही उरले नसते, एवढे निश्चित. 2 जानेवारी 1943 च्या पहाटे मुरबाड तालुक्यातील सिद्धगडावर पोलिसांच्या गोळीबारात कोतवाल आणि त्यांचे सहकारी हिराजी पाटील मारले गेले.

पुढे 22 एप्रिलला मुंबईच्या केशव तळपदे या स्थानबद्धाच्या प्रकरणात फेडरल न्यायालयाने, मूळ कायद्याला ‘वाजवी संशय’ अपेक्षित असताना नियमाने केवळ सरकारची खात्री पुरेशी मानली, या मुद्द्यावर 26 वा नियम अवैध ठरवला. बचावपक्षाचा हा विजय सहा दिवस टिकला. 28 एप्रिलच्या वटहुकमाने तो नियम मागील तारखेपासून वैध करून घेतला. कोतवालांच्या मृत्यूला तेव्हा पुरते चार महिनेही झाले नव्हते.