एकीचा आवाज, अनेकांचे कॅमेरे

पायल कपाडियाचा ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ (२०२१) हा माहितीपट दुसऱ्यांदा पाहताना मी आवाज बंद ठेवला. सुरुवातीला मुलंमुली पडद्यापुढे नाचतात, प्रोजेक्टरचा उजेड त्यांच्या अंगावर पडलेला. मग वसतिगृहातल्या खोल्या, पेंगणारे मित्र, कुणाच्या तरी घरची जुनी चित्रफीत, मोर्चे. बहुतेक सगळं काळंपांढरं, रवाळ. आवाजावाचून स्पष्ट दिसतं की हे एका हातानं टिपलेलं नाही. कुठे कॅमेरा स्थिर, धीराचा. कुठे गर्दीत धक्के खात धावणारा. आवाज सुरू केला, की हेच तुकडे एका मुलीच्या आठवणी होतात.

ती मुलगी म्हणजे ‘एल’. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची विद्यार्थिनी. जातीपायी प्रियकर दुरावला आहे आणि ती त्याला पत्रं लिहिते आहे. पत्रं वसतिगृहात सापडली, असं फिल्म सांगते. प्रत्यक्षात ती पायल आणि हिमांशु प्रजापती यांनी लिहिली, भूमिसुता दासनं वाचली. माहितीपटात रचलेली पत्रं कशाला, असं काहींना वाटेल. मला मात्र या फिल्मचा खरेपणा तिथेच दिसतो.

२०१५ मध्ये इन्स्टिट्यूटच्या अध्यक्षपदी झालेल्या गजेंद्र चौहान यांच्या नेमणुकीविरुद्ध विद्यार्थ्यांनी १३९ दिवस संप केला. पायल त्यात होती. संप मिटल्यावर ती आणि रणबीर दास आसपासच्या मित्रांचं जगणं टिपत राहिले. त्यात इतरांनी केलेलं चित्रण येऊन मिळालं. जामिया मिलिया इस्लामियाच्या ग्रंथालयात पोलिस लाठ्या चालवतात, ते २०१९ चं सीसीटीव्ही चित्रणही आलं. इतक्या जणांनी सोसलेलं आणि टिपलेलं पायलनं स्वतःच्या नावानं सांगितलं असतं, तर ती एकटीच नायिका झाली असती. कोरडं निवेदन दिलं असतं, तर प्रेम, भीती, जातीचा जाच हे सगळं बाहेरच राहिलं असतं. एल कुणा एकीची नाही, म्हणून तिच्या तोंडी सगळ्यांचं येऊ शकतं. मोर्चात समोर उभ्या असलेल्या महिला पोलिसांविषयीही ती आपुलकीनं विचार करते. घोषणा देणाऱ्या जमावाला ते जमत नाही. पत्र लिहिणारीला जमतं.

छायालेखन आणि संकलन दोन्ही रणबीरचं. पत्रांचं लेखन संकलनाबरोबरच चालत गेलं, आणि ते जाणवतं: वाक्य चित्राचं वर्णन करत नाही, त्याच्या जरा बाजूनं जातं. त्या मधल्या जागेत प्रेक्षकाला स्वतःचं काहीतरी ठेवता येतं. कान चित्रपट महोत्सवात या फिल्मला ‘लॉइल दॉर’ हा माहितीपटाचा पुरस्कार मिळाला.

हा बाज पायलच्या कामात आधीपासून होता. ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ (२०१८) या लघुपटात भीमाशंकरजवळच्या कोंढवळ गावातल्या बायका हरवलेल्या प्रेमाविषयी कुजबुजतात. पुढे ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ (२०२४) हा कथापट केला, तरी त्याची सुरुवात मुंबईत पोटासाठी आलेल्या माणसांच्या आवाजांनी होते. वेगवेगळ्या भाषांतले हे आवाज शहराच्या दृश्यांवर तरंगत जातात, आणि पात्रं त्यानंतर येतात. तिथेही कॅमेऱ्यामागे रणबीर दासच आहे.