हत्यार, हात आणि दगड

‘आदिमानव दगडाची हत्यारे वापरीत असे’ हे वाक्य शालेय इतिहासाच्या अगदी आरंभी येते आणि अर्ध्या मिनिटात संपते. लगेच शिक्षक मोहेंजोदडोच्या विटांकडे वळतात. त्या अर्ध्या मिनिटात केवढा काळ कोंबला गेला, याचा हिशेब सहसा कोणी करीत नाही. केनियात तुर्काना सरोवराच्या काठी लोमेक्वी येथे मिळालेली व २०१५ साली प्रसिद्धीस आलेली दगडी साधने सुमारे ३३ लाख वर्षांपूर्वीची आहेत. लेखनकलेचे वय ५ हजार वर्षांच्या आसपास. म्हणजे ज्या अक्षराची आपण सारे सेवा करतो, त्याच्या वाट्याला या दीर्घ काळाचा साडेसहाशेवा हिस्सादेखील धड येत नाही. उरलेल्या काळाचे दप्तर मुख्यतः दगडाचेच आहे. ते वाचावयाचे कसे, आणि ते लिहिणाऱ्यांविषयी त्यातून काय व किती कळते, याचा थोडा विचार येथे करावयाचा आहे.

आधी शब्दाविषयी. ‘हत्यार’ म्हटले की विद्यार्थ्यांच्या मनात हत्या उभी राहते. हातात धोंडा घेऊन सावजामागे धावणारा केसाळ पुरुष पुस्तकातील चित्रात असतोच. वास्तविक या शब्दाचे नाते हत्येशी नसून हाताशी आहे. सुतार आपल्या रंध्यापटाशीला हत्यारेच म्हणतो. पाथरवटाची छिन्नी हेही हत्यारच. आम्हांस हा जुना अर्थ जागा करणे अगत्याचे वाटते, कारण उत्खननात जे दगड निघतात त्यांतील पुष्कळसे मारण्याचे नसून कापण्याचे, तासण्याचे, खरवडण्याचे, भोके पाडण्याचे आहेत. मारलेल्या जनावराचे कातडे सोलणे, ते खरवडून मऊ करणे, काठी गुळगुळीत करणे, कंद खणण्यासाठी खुंटा टोकदार करणे, अशी कामे त्यांनी होत. ही कामे केवळ पुरुषांनी केली असे मानण्यास दगडात कोणताही पुरावा नाही. चित्रातील तो एकटा शिकारी आपण शब्दाच्या चुकीच्या अर्थातून उभा केला आहे, असे म्हणावयास हरकत नाही.

आता प्रश्न असा की, नदीच्या पात्रातील लाखो गोट्यांतून माणसाने घडविलेला दगड ओळखावा कसा? बारीक पोताचा कठीण दगड योग्य कोनातून आघात केल्यास वेडावाकडा फुटत नाही. शिंपल्याच्या पाठीसारखी वळणे घेत फुटतो. जेथे घाव बसला तेथे निघालेल्या छिलक्याच्या पोटावर एक फुगवटा येतो, आणि पाण्यात खडा टाकल्यावर उठाव्यात तशा लहरी त्यापासून पसरलेल्या दिसतात. मूळ दगडावर, म्हणजे गाभ्यावर, त्याच फुगवट्याचा खळगा राहतो. असा एखादा घाव निसर्गही घालतो. प्रपातात दगडावर दगड आदळतोच. परंतु एकाच कडेवर, दोन्ही बाजूंनी आळीपाळीने, एकाच हेतूने घातलेले वीस-पंचवीस घाव प्रपाताला जमत नाहीत. अभ्यासक दगडाच्या आकाराइतकाच घावांचा क्रम पाहतो. कोणता खळगा कोणत्या खळग्याला छेदतो हे पाहिले की आधीचा घाव कोणता व नंतरचा कोणता हे कळते, आणि कारागिराच्या हाताची हालचाल लाखो वर्षांनी पुन्हा जुळविता येते.

भारतात या विद्येचा आरंभ ३० मे १८६३ रोजी झाला. भूशास्त्र खात्यातील रॉबर्ट ब्रूस फूट यांस मद्रासजवळ पल्लावरम येथे एक हातकुऱ्हाड मिळाली. हातकुऱ्हाड म्हणजे बदामाच्या किंवा नासपतीच्या आकाराचा, दोन्ही अंगांनी तासलेला, एका टोकास निमुळता दगड. फूट यांनी पुढे शोधलेल्या अत्तिरम्पाक्कम या स्थळी शांती पप्पू व त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या उत्खननातून अशा हातकुऱ्हाडींचे वय सुमारे १५ लाख वर्षे असल्याचे २०११ साली जाहीर झाले. कर्नाटकात हुणसगी खोऱ्यात इसामपूर येथे डेक्कन कॉलेजचे के. पद्दय्या यांनी चुनखडीच्या लाद्या फोडून साधने घडविण्याची जागाच उजेडात आणली. गाभे, छिलके, घणाचे गोटे, अर्धवट सोडलेले तुकडे, सारे तेथे पडून होते.

हातकुऱ्हाडीविषयी आम्हां शिक्षकांनी ध्यानात घ्यावी अशी एक गोष्ट आहे. तिचा आकार दगडात आधीपासून नसतो. ओबडधोबड गोट्यात तो प्रथम मनाने पाहावा लागतो. मग पुढील घावाला जागा मिळावी म्हणून आधीचा घाव कोठे घालावा हे ठरवावे लागते. आजही हौसेने दगड फोडू पाहणाऱ्यांस ते साधण्यास पुष्कळ दिवस लागतात. ही कला प्रत्येकाने स्वतः नव्याने शोधली असेल, हे संभवत नाही. कोणी तरी घडवीत होते आणि कोणी तरी जवळ बसून पाहत होते, चुकत होते, पुन्हा करीत होते. त्यांच्यात भाषा होती की नव्हती याविषयी विद्वानांत मतभेद आहेत. शिकवणे मात्र होते, असे आम्हांस निःशंक वाटते. ज्यांच्यात गुरू-शिष्य होते त्यांना ‘रानटी’ हे विशेषण लावून मोकळे होण्याचा अधिकार निदान शाळेला तरी नाही.

मध्य भारतात या अभ्यासाचे नाव निघाले की डॉ. विष्णु श्रीधर वाकणकर यांचे स्मरण अपरिहार्य होय. सारे त्यांना हरिभाऊ म्हणत. त्यांचा जन्म १९१९ साली तत्कालीन ग्वाल्हेर संस्थानातील नीमच येथे झाला, कार्यक्षेत्र उज्जैन. १९५७ साली रेल्वेने जाताना गाडीतून दिसलेल्या खडकांच्या आकारांनी त्यांचे लक्ष वेधले आणि त्यातून भोपाळच्या दक्षिणेची भीमबेटका जगासमोर आली. भीमबेटका म्हटले की लोकांना चित्रे आठवतात, आणि २००३ साली तिला जागतिक वारशाचा मान मिळाला त्यात चित्रांचा वाटा मोठा आहे. पण चित्रांखालची जमीन तितकीच बोलकी आहे. १९७० नंतरच्या दशकात वाकणकरांनी व डेक्कन कॉलेजच्या वि. ना. मिश्र यांनी तेथे उत्खनने केली. मिश्र यांनी खणलेल्या एका आश्रयस्थानात तळाशी हातकुऱ्हाडींचा काळ आणि वर क्रमाक्रमाने येत येत बोटाच्या पेराएवढ्या सूक्ष्मास्त्रांचा काळ, असा थरांवर थर मिळाला. खालच्या थरांत हातकुऱ्हाडींपेक्षा आडव्या धारेच्या फरश्या अधिक होत्या, आणि दगडी लाद्यांनी बांधल्यासारख्या जमिनीही आढळल्या. हाडे मात्र तेथील आम्लयुक्त मातीने खाऊन टाकली. माणसाने केलेले राहिले, माणूस राहिला नाही.

तो माणूस हाती लागला तो अंशतःच. ५ डिसेंबर १९८२ रोजी अरुण सोनकिया यांस नर्मदेच्या काठी हथनोरा येथे कवटीचा एक भाग मिळाला. तो आपल्याहून निराळ्या, पूर्वीच्या मानवाचा आहे याविषयी दुमत नाही. कोणत्या शाखेचा, याविषयी आहे. त्याच निक्षेपात त्या जुन्या घडणीची दगडी साधनेही आहेत. एवढ्या विशाल देशात एवढ्या दीर्घ काळाची ती एकमेव कवटी. त्यामुळे अमुक साधने अमुक जातीच्या मानवाने केली, असे भारतापुरते ठामपणे सांगणारा लेख दिसल्यास वाचकांनी सावध व्हावे हे बरे.

काळाच्या बाबतीतही असेच. पुणे जिल्ह्यात कुकडी नदीवर बोरी येथे ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे आणि त्याच्या संगतीत हातकुऱ्हाडींच्या काळातील साधने आहेत. ही राख कधीची? एका मापनाने सुमारे १४ लाख वर्षे, दुसऱ्याने पावणेसात लाख. आणि ती सुमात्रातील तोबा ज्वालामुखीच्या प्रचंड उद्रेकाची मानल्यास अवघी पाऊण लाख. अभ्यासक प्रामाणिक आहेत, उपकरणे उत्तम आहेत, तरी उत्तरांत एवढे अंतर! आमच्या मते ही कथा वरच्या वर्गांत अवश्य सांगावी. शास्त्रातील वाद कसा चालतो हे सनावळीहून मुलांना अधिक रुचते.

सूक्ष्मास्त्रांचा विचार केल्यावाचून ग्वाल्हेरच्या वाचकांचे समाधान होणार नाही. आपला किल्ला ज्या वालुकाश्मावर उभा आहे तो विंध्य पर्वताच्या खडकांपैकी. त्याच्या खाली व भोवताली त्याहून पुष्कळ जुने थर आहेत आणि भूशास्त्राने त्यांना ‘ग्वाल्हेर’ हेच नाव दिले आहे. त्यांत तांबूस जास्पर व चर्ट यांचे पट्टे येतात. हे दगड काचेसारखे फुटतात आणि त्यांची धार पोलादाच्या पात्याची आठवण करून देते. अशा गाभ्यावरून अरुंद समांतर पाती काढावयाची, ती मोडून त्रिकोण, चंद्रकोर असे तुकडे करावयाचे आणि लाकडाच्या अथवा हाडाच्या खाचेत झाडाच्या डिंकाने ओळीने बसवावयाचे, ही नवी युक्ती. एक दात तुटला तर दुसरा बसविता येई. सबंध हत्यार टाकावे लागत नसे. होशंगाबादजवळ आदमगड टेकडीवर र. वि. जोशी व म. द. खरे यांनी १९६१ च्या सुमारास केलेल्या उत्खननात अशी सुमारे २५ हजार सूक्ष्मास्त्रे मिळाली आणि त्यांबरोबर वन्य व पाळीव अशा दोन्ही प्रकारच्या जनावरांची हाडे ओळखली गेली. खंभातचे अकीक-कारागीर जमिनीत रोवलेल्या लोखंडी सळईच्या टोकावर अकीक टेकवून शिंगाच्या हातोड्याने छिलके काढतात. ती पद्धत पाहून जुन्या घडणीचे पुष्कळ कोडे अभ्यासकांस उलगडले.

केवळ उपयोगाचीच कामे हे लोक करीत होते असेही नाही. जळगाव जिल्ह्यातील पाटणे येथे शां. अ. साळी यांस शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचा एक तुकडा मिळाला; सुमारे २५ हजार वर्षांपूर्वी त्यावर कोणी तरी आडव्या-तिरप्या रेघांची नक्षी कोरली आहे. आपल्या शेजारच्या मुरैना जिल्ह्यात पहाडगडजवळ आसन नदीच्या काठी चित्रांकित कडा आहे. तेथील लोक त्याला ‘लिखीछाज’ म्हणतात. छाज म्हणजे पुढे आलेला छज्जा, आणि चित्रे ‘काढलेली’ नसून ‘लिखी’, म्हणजे लिहिलेली! निरक्षरांनी लिहिलेल्याला निरक्षरांनीच दिलेले हे नाव आम्हांस विलक्षण अर्थपूर्ण वाटते.

ग्वाल्हेरच्या गुजरी महालातील संग्रहालय १९२० साली मो. ब. गर्दे यांच्या कारकीर्दीत उभे राहिले. तेथे येणारा प्रवासी ग्यारसपूरच्या शालभंजिकेपुढे थबकतो, आणि ते योग्यच आहे. शिल्पाला स्वतःचे सौंदर्य असते. ते जागेवरून हलविले तरी संपत नाही. दगडी छिलक्याचे तसे नाही. तो कोणत्या थरात, किती खोलीवर, कोणाच्या शेजारी होता, हेच त्याचे सारे सांगणे. तो उचलून खिशात घातला की उरतो तो नुसता खडा. आणि गिट्टीसाठी टेकड्याच्या टेकड्या फोडणाऱ्या यंत्रापुढे तर थर आणि शेजार दोन्ही एका दुपारीत नाहीसे होतात.

म्हणून एखादा विद्यार्थी सहलीत ‘गुरुजी, हा पाहा’ म्हणून धारदार दगड दाखवू लागला, तर त्यास तो होता तेथेच परत ठेवावयास सांगावे. मग जवळ एखादी पट्टी किंवा नाणे ठेवून छायाचित्र घ्यावे, नदी, ओढा अथवा वाट यांपासूनचे अंतर वहीत मांडावे, आसपास तसेच आणखी तुकडे आहेत का हे हात न लावता पाहावे, आणि ती टिपणे पुरातत्त्व खात्याकडे किंवा जवळच्या विद्यापीठाच्या प्राचीन इतिहास विभागाकडे पाठवावीत. टिपण मराठीत असले तरी चालते. नकाशा मात्र नीट काढलेला असावा आणि त्यावर उत्तर दिशा दाखवावयास विसरू नये.